सड्यावरचा वारसा आणि आमचा कोरडा अभिमान

रत्नागिरी-राजापूरच्या सड्यांवर कातळात कोरलेले हत्ती, गेंडे, मासे आणि मानवाकृती सहस्रावधी वर्षे ऊन-पाऊस सोसत आहेत. २०२२ साली कोकणातील या कातळशिल्पांचा युनेस्कोच्या संभाव्य यादीत समावेश झाला आणि आम्हांस अभिमानाचे भरते आले. २०२३ साली बारसूला तेलशुद्धीकरण प्रकल्पाच्या माती-परीक्षणावरून वाद पेटला, तेव्हा कुठे अनेकांना तेथील शिल्पांची आठवण झाली. मात्र सडा फोडणाऱ्या चिरेखाणींविषयी आम्ही मौनच पाळतो. हा कसला अभिमान?

या शिल्पांना गावच्या देवधर्माशी जोडणे म्हणजे अंधश्रद्धा, असे सांगणारा एक विद्वद्वर्ग आहे. त्याला विचारावेसे वाटते, युनेस्कोचे नावही ठाऊक नव्हते, तेव्हा या सड्यांची आठवण ठेवली कोणी? कुडोपीच्या गावकऱ्याने ‘ही पांडवांची चित्रे’ म्हणून. देवीहसोळचे शिल्प तर आर्यादुर्गेच्या मंदिरानजीकच आहे. राखणदाराला गाऱ्हाणे घालणारा माणूस भूमीला निर्जीव मानत नाही. ही श्रद्धा पुरातत्त्वाचा पुरावा नव्हे, हे मान्य; परंतु जतनाची ती पहिली पायरी आहे.

आपल्याही मंडळींना चार शब्द सुनावले पाहिजेत. या चित्रांचा काळ अजून निर्विवाद ठरलेला नाही. अशा वेळी ती वैदिक ऋषींनीच कोरली, असे ठोकून देणाऱ्यांमुळे आपलेच हसे होते. पद्मश्री विष्णु श्रीधर वाकणकर संघाचे स्वयंसेवक होते. १९५७ साली त्यांनी भीमबेटकाची चित्रे उजेडात आणली. पुढे तेथे उत्खनन केले, शैलचित्रांच्या अभ्यासाला आयुष्य वाहिले. २००३ साली ते स्थान जागतिक वारसा ठरले. त्यामागे घोषणा नव्हत्या, तपश्चर्या होती.

उक्षीच्या ग्रामस्थांनी आपल्या गजशिल्पाभोवती कठडा उभारला. गावोगावच्या कार्यकर्त्यांना हे अशक्य आहे काय? सुट्टीत मुलाबाळांना सड्यावर न्यावे, पादत्राणे काढून त्या रेषांपाशी बसावे, गावाकडून तिची कथा ऐकावी आणि तज्ज्ञांकडून तिची नोंद करून घ्यावी. आणि ज्यांची जमीन सड्यावर आहे, त्यांनी ती चिरेखाणीला देण्यापूर्वी एकदा झाडून पाहावी. मातीखाली पूर्वजांची रेषा असेल, तर तिचे मोल चिऱ्याच्या भावाने करता येत नाही.