जात गाळून आमची स्मृती दाखवू नका

'ओळख आणि स्मृती' हे दोन शब्द कलादालनवाल्यांच्या फार आवडीचे. पण ओळख कुणाची आणि स्मृती कसली, असं विचारलं की शहर, स्थलांतर, शरीर सगळं निघतं. जात तेवढी निघत नाही. या लबाडीला आमचा विरोध आहे.

मुंबईचा अमोल पाटील घ्या. आजोबा पोवाडे रचून गाणारे, वडील नाटकवाले. अमोल शिल्पं करतो, चित्रं काढतो, प्रयोग करतो, फिल्मही करतो. जर्मनीतल्या कासेलला दर पाच वर्षांनी डॉक्युमेंटा भरतं, शंभर दिवसांचं. तिथे 2022 साली त्याचं काम होतं आणि त्यात यलगार सांस्कृतिक मंचाची गाणी होती. रस्ता झाडणारा कामगार पायात रोलर स्केट्स घालून, रेडिओ वाजवत निघतो! जगाला यात गंमत दिसेल. आम्हाला त्यात झाडू दिसतो, आणि तो पिढ्यानपिढ्या कुणाच्याच हातात का आला हा प्रश्न दिसतो. तो प्रश्न गाळला की उरते ती नुसती करमणूक.

पण शिव्या फक्त गॅलरीला घालून आम्ही मोकळे होणार नाही. 'हे मॉडर्न आर्ट आपल्या वस्तीच्या काय कामाचं?' असं आपलेच कार्यकर्ते म्हणतात. का हो, जलसा काय होता? ढोलकीवर गाणं, मध्येच संवाद, सवाल-जवाब, त्यातच मनुस्मृतीची चिरफाड. एकाच माणसाने गायचं, नाचायचं, सोंग घ्यायचं आणि समोरच्याला विचार करायला लावायचं. आता त्यालाच बहुविद्याशाखीय की काय म्हणतात. भीमराव कर्डकांच्या जलशाला असल्या शब्दाची गरज पडली नव्हती.

आणि स्मृती म्हणजे काय ते रमाबाई नगरला विचारा. 11 जुलै 1997 ला पोलिसांच्या गोळीबारात दहा जण मारले गेले. त्यानंतर काही दिवसांतच शाहीर विलास घोगरेंनी स्वतःला संपवलं. आनंद पटवर्धनांनी चौदा वर्षं चित्रीकरण करून 2011 मध्ये 'जय भीम कॉम्रेड' पूर्ण केला. त्यात आमचे शाहीर गाताना दिसतात, ऐकू येतात. चित्रपट पटवर्धनांनी केला, ठीक. पण त्या चौदा वर्षांत आमच्या किती मंडळांनी आपल्या शाहिराचं एक तरी गाणं नीट रेकॉर्ड करून ठेवलं? हा प्रश्न झोंबतो, झोंबू द्या.

गायन पार्ट्यांच्या वह्या आजही घराघरांत ट्रंकेत पडून आहेत. म्हातारा गेला की त्या रद्दीत जातात. उद्या त्यातलीच एखादी वही कुठल्या तरी संग्रहालयात काचेखाली दिसेल, खाली 'अनाम लोककलावंत' अशी पट्टी. त्या माणसाला नाव होतं, गाव होतं, आणि जातीमुळे भोगलेलं आयुष्य होतं.

जयंती समित्यांनो, डीजेच्या एका रात्रीच्या पैशात प्रोजेक्टर भाड्याने येतो. येत्या 14 एप्रिलला विहाराच्या भिंतीवर पडदा लावा, अमोलसारख्यांना बोलवा, वस्तीतल्या जुन्या गायकाला शेजारी बसवा. आणि मोबाईलचं रेकॉर्डिंग चालू ठेवा.

जय भीम!