महाभारत पंचनाम्यासारखं वाचा

१९९० च्या जूनअखेर टीव्हीवरचं महाभारत संपलं. पावणेदोन वर्षं दर रविवारी सकाळी, ज्या गावात टीव्ही होता त्या गावाला आजूबाजूच्या पाड्यांवरची पोरं चालत गेली. त्या साली निंदणीच्या दिवसात वावरात ती एकमेकांना अर्जुन, कर्ण म्हणून हाका मारायची. आम्हाला त्यात वाईट काही वाटत नाही. गोष्ट मोठीच आहे. पण मागच्या बैठकीत एका पोरानं विचारलं, "या सगळ्यात आपण कुठं आहोत?" आणि त्याच्यावर रात्री उशिरापर्यंत बोलणं चाललं.

कुणी म्हणालं, आपण एकलव्याचे, त्याचा अभिमान धरा. कुणी म्हणालं, ती राजेलोकांची पोथी, आपला तिच्याशी संबंध काय, सोडून द्या. आम्हाला वाटतं, पोथी डोक्यावरही घेऊ नये आणि फेकूही नये. पंचनामा वाचतो तशी वाचावी. पंचनामा कसा वाचायचा हे आपल्याला कुणी शिकवायची गरज नाही. लिहिला कोणी, सही कोणाची, अंगठा कोणाचा, नाव कोणाचं आहे आणि कोणाचं गाळलं, हे आपण ठेचा खाऊन शिकलो आहोत.

आधी खांडववन घेऊ. खान्देश हे नाव खांडववनावरून पडलं असं काही जण सांगतात. काही जण कान्हदेश म्हणतात, तर काही जण फारुकी राजांच्या 'खान' किताबाकडं बोट दाखवतात. जळगावकडं एरंडोलला एकचक्रा नगरी म्हणतात, पद्मालयाला भीमकुंड दाखवतात. पोथीतलं खांडववन यमुनेच्या काठी, दिल्लीच्या बाजूला आहे, तेव्हा जागेच्या वादात आपण पडू नये. तिथं काय घडलं ते ऐकावं.

आदिपर्वाच्या शेवटी ते लिहिलं आहे. अग्नी ब्राह्मणाच्या वेषात येतो, भूक लागली म्हणतो. त्याला जेवायला काय पाहिजे? अख्खं जंगल. कृष्ण आणि अर्जुन दोन बाजूंना रथ घेऊन उभे राहतात, आणि आगीतून जो बाहेर पळेल त्याला मारतात. त्या जंगलात तक्षक नागाचं घर होतं. तक्षक त्या दिवशी घरी नव्हता. त्याची बायको पोराला वाचवताना मारली गेली. वाचले किती, तेही पोथीनं मोजून लिहिलं आहे: तक्षकाचा पोरगा, मय नावाचा दानव आणि चार पाखरं. मय कारागीर होता. जीव वाचला म्हणून त्यानं पांडवांना सभा बांधून दिली, तिला चौदा महिने लागले. म्हणजे जंगल जाळलं, आणि त्याच जंगलातल्या वाचलेल्या माणसाच्या हातून राजवाडा बांधून घेतला. इरावतीबाई कर्वे यांनी १९६७ च्या 'युगान्त' या पुस्तकात हे जाळणं देवाची लीला म्हणून सोडून दिलं नाही. जमीन मोकळी करण्यासाठी झालेला संहार म्हणून त्यांनी त्याकडं पाहिलं.

आता लाक्षागृह. पांडव जळत्या घरातून भुयारानं निसटले, हे सगळ्यांना ठाऊक आहे. पण सकाळी राखेत सहा मढी सापडली, ती कोणाची? कुंतीनं त्या दिवशी जेवण घातलं होतं. एक निषाद बाई आपले पाच पोरं घेऊन जेवायला आली, दारू पिऊन तिथंच झोपली. ती आणि तिचे पाच पोरं जळाले. लोकांना वाटलं कुंती आणि पाच पांडव गेले. त्या बाईचं नाव पोथीत नाही. पोरांचीही नावं नाहीत. एवढ्या मोठ्या ग्रंथात घोड्यांची नावं आहेत, शंखांची नावं आहेत, पण ज्यांच्या मढ्यांवर पांडव वाचले त्यांची नाहीत.

एकलव्य तर सगळ्यांना माहीत आहे. निषादांचा राजा हिरण्यधनू, त्याचा तो मुलगा. द्रोणानं निषाद म्हणून शिकवलं नाही आणि स्वतःच्या बळावर शिकला तर उजवा अंगठा मागितला. आणि घटोत्कच? हिडिंबेचा पोरगा, जंगलात वाढला, बोलावलं तेव्हा बापाच्या लढाईला आला. तो पडला तेव्हा पांडव रडले, पण कृष्णाला आनंद झाला, कारण अर्जुनासाठी राखून ठेवलेली कर्णाची शक्ती घटोत्कचावर खर्च झाली होती. हे वाचताना आम्हाला आपल्याच खान्देशाची आठवण येते. १८२५ साली इंग्रजांनी इथं भिल्ल पलटण उभी केली, भिल्लांकडूनच भिल्लांना आवरायला. खाज्या नाईक सेंधव्याच्या घाटाची राखण करत होता. गरज होती तोवर तो नाईक होता. १८५७ ला तो उठला, तेव्हा सरकारी कागदात दरोडेखोर झाला. १८५८ च्या एप्रिलमध्ये आंबापाणीला आपली किती माणसं, बाया गेल्या, ते गाणी सांगतात.

कुणी म्हणेल, या गोष्टी आहेत, नाग म्हणजे साप, दानव म्हणजे दानव, यातून काय सिद्ध होतं? बरोबर आहे. पोथी म्हणजे सातबारा नव्हे. अमुक साली अमुक जंगल जळालं असं आम्ही म्हणत नाही. आमचं म्हणणं एवढंच की पोथी राजाच्या बाजूनं सांगितलेली आहे. आपल्याला मोठं करण्यात तिचा काही फायदा नव्हता. तरी जंगलातल्या लोकांवाचून तिला राजाची गोष्ट पुरी करता आली नाही. समोरच्या बाजूचा साक्षीदार आपल्या बाजूचं बोलून जातो, तेव्हा त्याचं बोलणं जास्त वजनाचं असतं.

आणि शांतिपर्वात तर त्यानं कमालच केली आहे. पहिला राजा पृथू कसा झाला ते तिथं सांगितलं आहे. वेन नावाचा दुष्ट राजा ऋषींनी मारला आणि त्याची मांडी घुसळली. त्यातून एक बुटका, काळा माणूस निघाला. त्याला ऋषी म्हणाले, "निषीद", म्हणजे बस. त्याच्यापासून निषाद झाले, डोंगरात आणि जंगलात राहणारे, आणि विंध्यावर राहणारे हजारो लोक. मग ऋषींनी हात घुसळला, त्यातून पृथू निघाला आणि त्याला राज्य दिलं. त्या माणसाला काळा-बुटका म्हणून हिणवलं आहे, ते आम्हाला दिसतं. पण जन्माचा क्रम पाहा. आधी निषाद, मग राजा. त्यांच्याच हिशोबानं थोरला कोण?

जुन्या पोथ्यांतून समाज वाचणं हे काही पाप नाही. आपल्या धुळ्यातच हे काम झालं आहे. इतिहासाचार्य राजवाडे १९२६ साली धुळ्यात वारले. जुन्या ग्रंथांतूनच त्यांनी विवाहसंस्थेचा इतिहास लिहिला आणि चालीरीती कशा बदलत आल्या ते दाखवलं. धुळ्याच्याच कॉम्रेड शरद पाटील यांनी पाणिनीचं व्याकरण धुंडाळून 'दास-शूद्र गुलामगिरी' लिहिलं. संस्कृत आपल्याला येत नाही म्हणून पोथीनं काय सांगितलं ते दुसऱ्यानंच ठरवावं, असं नाही.

आता आपल्या जमिनीकडं येऊ. १८७८ च्या कायद्यानं जंगल राखीव झालं आणि आपण त्यात चोर ठरलो. शंभर वर्षांनी सरकारनं ठरवलं की ३१ मार्च १९७८ पूर्वीची अतिक्रमणं कायम करावीत. आपण कचेरीत गेलो. साहेब म्हणाले, "पुरावा दाखवा." ज्या माणसाचं नाव कुणी कधी लिहिलंच नाही, त्यानं कागद आणायचा कुठून? निषाद बाईच्या पोरांकडं तरी कुठं कागद होता?

म्हणून आमची मागणी होती की गावातल्या जाणत्या म्हाताऱ्यांचा जबाब पुरावा म्हणून धरला पाहिजे. आणि आपण आजच लिहून ठेवू. पेरणी उरकली की प्रत्येक पाड्यावर एक वही घाला. शिकलेल्या पोरापोरींनी म्हाताऱ्यांजवळ बसावं. कोणतं वावर कोणी फोडलं, त्या साली काय पेरलं, बांध कोणी घातला, दंडाच्या पावत्या कोणाकडं आहेत, पुरलेली माणसं कुठं आहेत, देव कुठं आहे, सगळं उतरवून घ्या. बायांची नावंही लिहा. वावर त्यांनीही फोडलं आहे.

शेवटी एक गोष्ट. हे महाभारत मोठ्यानं सांगितलं गेलं ते जनमेजयाच्या सर्पयज्ञात, ज्यात नाग धरून धरून आगीत टाकले जात होते. खांडववनात सुरू झालेलं वैर नातवा-पणतवापर्यंत आलं होतं. तो यज्ञ थांबवला आस्तिकानं. त्याची आई नागांची होती. तो हत्यार घेऊन गेला नाही. भर मांडवात उभा राहून बोलला, आणि आग थांबवा हेच मागणं मागितलं.

आपल्यालाही बोलायचं आहे. पण हातात वही घेऊन, आणि एकट्यानं नाही, सगळ्या गावानं.

(हा मजकूर गावच्या बैठकीत वाचून दाखवावा.)