अकरा महिन्यांचा आदेश, वर्षानुवर्षांचे काम

२२ जुलै २०२१ रोजी रायगड जिल्ह्यातल्या तळियेत दरड कोसळली, पोलादपूरच्या केवनाळे आणि साखर सुतारवाडीत माणसे गाडली गेली, महाड पाण्याखाली गेले. अशी आपत्ती ओढवणाऱ्या डोंगरी तालुक्यांत आरोग्यसेवेचा बराच भार कंत्राटी परिचारिका आणि तंत्रज्ञ वाहतात. हातात अकरा महिन्यांचा आदेश, मग एक-दोन दिवसांचा तांत्रिक खंड, पुन्हा नवा आदेश. कायम करा म्हटले की एक जुना निकाल पुढे केला जातो.

१० एप्रिल २००६ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने उमादेवी खटल्यात मागच्या दाराने झालेल्या नेमणुका कायम करण्याला चाप लावला. तो योग्यच होता. पोलादपूरचा पोरगा जाहिरातीची वाट बघत असताना साहेबांच्या ओळखीचा आत शिरला, तर समान संधी उरली कुठे? पण मंजूर पदांवर दहा वर्षे राबलेल्यांना एकदाच नियमित करण्याची मुभाही त्याच निकालात होती. ती मात्र फायलीत सोयीस्करपणे विसरली गेली.

२० डिसेंबर २०२४ च्या जग्गो निकालात न्या. विक्रम नाथ आणि न्या. प्रसन्न वराळे यांनी हेच बोलून दाखवले. केंद्रीय जल आयोगात वर्षानुवर्षे झाडलोट करणाऱ्या महिलांना २०१८ मध्ये एका फटक्यात काढले होते. न्यायालयाने त्यांना परत घेऊन नियमित करायला लावले.

महाराष्ट्राने सप्टेंबर २०२३ मध्ये खासगी संस्थांमार्फत कंत्राटी भरतीचा निर्णय काढला आणि ऑक्टोबरमध्ये मागे घेतला. रिक्त पदे तशीच. सरकारने ती वेळेवर जाहिरात देऊन भरावीत, जुन्यांना वयात सवलत आणि अनुभवाचे गुण द्यावेत. त्यासाठी कुणा परिचारिकेला महाडहून मुंबईच्या कोर्टात खेटे घालायला लावू नये.