आमच्या बाजारावर दिल्लीची रेघ!

देवणीचा शेतकरी गोऱ्ह्याचा कासरा धरून बाजाराला निघतो, तेव्हा कर्नाटकाची शीव तिथून किती किलोमीटरवर आहे हे तो मोजत बसत नाही. त्याच्या गावाचे नाव मिरवणारी देवणी जात लातूरच्या रानात वाढते तशीच पलीकडे बीदरच्या रानातही वाढते. पण २३ मे २०१७ रोजी केंद्राच्या पर्यावरण मंत्रालयाने गुरांच्या बाजारांचे नियम काढले आणि त्यांतल्या आठव्या नियमाने फर्मावले : राज्याच्या सीमेपासून २५ आणि देशाच्या सीमेपासून ५० किलोमीटरच्या आत गुरांचा बाजार भरता कामा नये!

ज्याने हे लिहिले तो कुठल्या बाजारात उभा होता? त्याने कधी बैलाचे दात पाहिले होते? रुमालाखाली बोटे धरून सौदा केला होता? महाराष्ट्राला सहा राज्ये भिडली आहेत. देवणी या २५ किलोमीटरच्या पट्ट्यात, देगलूर या पट्ट्यात. गडहिंग्लजपासून कर्नाटकातले संकेश्वर हाकेच्या अंतरावर. कागल ओलांडले की कर्नाटक, म्हणजे खुद्द कोल्हापूर शहरही या पट्ट्यात! गोव्याचाही मोठा भाग या एका रेघेने बाद होतो.

या रेघेचे मूळ नेपाळच्या सरहद्दीवर आहे. तिथल्या गढीमाईच्या जत्रेत बळी देण्यासाठी भारतातून होणारी जनावरांची तस्करी थांबावी, म्हणून सर्वोच्च न्यायालयात दाद मागितली गेली आणि २०१५ मध्ये न्यायालयाने नियम करण्याचे निर्देश दिले. तस्करी थांबलीच पाहिजे, त्याबद्दल आमच्या मनात तिळमात्र शंका नाही. पण नेपाळची सरहद्द आणि आमची देवणी व कर्नाटकातली भालकी यांच्यामधली शीव एकच आहे काय? भालकीचा शेतकरी देवणीला खोंड घ्यायला आला तर तो तस्कर ठरतो काय? एकाच देशातल्या दोन शेजाऱ्यांच्या व्यवहाराला चोरीचा वास लावणारी ही रेघ शेतकऱ्याचा धडधडीत अपमान आहे.

आणि अपमान एवढ्यावर थांबला नाही. विकणाऱ्याने लेखी द्यायचे की जनावर कत्तलीसाठी आणलेले नाही. घेणाऱ्याने आपण शेतकरी असल्याचे सिद्ध करायचे. घेतलेले जनावर सहा महिने विकायचे नाही. विक्रीच्या पुराव्याच्या पाच प्रती! दुष्काळात कडबा संपलेल्या माणसाने भाकड म्हैस विकून बियाणे आणायचे, की झेरॉक्सच्या दुकानापुढे रांग लावायची?

३० मे रोजी मद्रास उच्च न्यायालयाच्या मदुराई खंडपीठाने यातील कत्तलीसंबंधीच्या कलमांना स्थगिती दिली. ११ जुलैला सर्वोच्च न्यायालयाने ती देशभर लागू केली आणि नियमांचा फेरविचार करतो, असे केंद्राला तिथे सांगावे लागले. आठ दिवसांत ज्याला न्यायालय रोखते, असा कायदा करताना मंत्रालयातल्या कुणालाच राज्यघटना उघडावीशी वाटली नाही? 'बाजार व जत्रा' हा विषय राज्यसूचीत २८ व्या क्रमांकावर आहे. अकराव्या अनुसूचीत २२ व्या क्रमांकावर तोच विषय पंचायतींसाठी लिहिला आहे. जनावरांचा छळ रोखण्याचे नियम केंद्राने जरूर करावेत. बाजारात पाणी हवे, सावली हवी, एका ट्रकात दाटीवाटीने गुरे कोंबू नयेत, हे सगळे आम्हाला मान्य आहे. मात्र बाजार कोणत्या गावात भरावा हे दिल्लीने ठरवायचे, हे आम्ही कदापि मान्य करणार नाही.

हाच जाब आम्ही नगरपरिषदांना आणि बाजार समित्यांनाही विचारतो. गुरांच्या बाजाराच्या जागेवर उद्या गाळे उभारायचे म्हणून बाजार गावाबाहेर हाकलणार असाल, तर आधी शेतकऱ्याचे ऐका; नव्या जागी हौद, गुरांचा डॉक्टर आणि चढ-उताराचा धक्का तयार असल्याशिवाय जुन्या जागेवरचा एक खुंटाही उपटू नका. २०२५ मध्ये महाराष्ट्राच्या गोसेवा आयोगाने ३ ते ८ जून बाजार भरवू नका, असे पत्र बाजार समित्यांना धाडले. बकरी ईदच्या त्या आठवड्यात शेळी-मेंढीवर पोट असलेल्या धनगराने काय करायचे, याचा विचार त्या पत्रात नव्हता.

शेतकरी बंधूंनो, बाजार हलवण्याचा हुकूम आला तर मुकाट्याने दावी सोडू नका. ग्रामसभेचा ठराव करा, हुकमाची प्रत मागा आणि न्यायालयाची पायरी चढा. लातूर-नांदेडकरांना छत्रपती संभाजीनगरचे खंडपीठ आहे. कोल्हापूर-सांगलीकरांसाठी १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरातच उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच सुरू झाले आहे.