तिला कुणी विचारलं का?

परवा रात्री सिन्नरहून वहिनीचा फोन. त्यांच्या शेजारची मुलगी अंधेरीला नोकरी करते, बायकांच्या वसतिगृहात राहायची. वय एकवीस. गेल्या महिन्यात तिनं परस्पर लग्न केलं आणि फोन बंद करून टाकला. वडिलांनी ‘मिसिंग’ची तक्रार दिली, आता वकील म्हणताहेत, हायकोर्टात ‘हेबियस’ टाकू. वहिनी विचारत होत्या, "मग कोर्ट पोरीला परत आणून देईल ना गं?"

मी म्हटलं, "आणेल. पण देईलच असं नाही."

मैत्रिणींनो, या फरकाची कल्पना आपल्यापैकी बऱ्याच जणींना नसते. राज्यघटनेच्या मराठी प्रतीत या आदेशाला ‘देहोपस्थिती’ असा भारदस्त शब्द आहे. अर्थ साधा: ज्या माणसाला कुणी डांबून ठेवल्याचा संशय आहे, त्याला कोर्टापुढे हजर करा. कोंडलेल्या माणसाला स्वतः वकील कसा गाठता येणार? म्हणून त्याच्या वतीनं आई-वडील, नवरा, मित्र, कुणीही अर्ज करू शकतं. लेकीला सासरी खोलीत कोंडलं असेल तर तिच्या आईलाही हाच रस्ता. पण सज्ञान मुलगी समोर आली, की न्यायमूर्ती तिच्याशी बोलतात, पुष्कळदा चेंबरमध्ये, घरच्यांना बाहेर थांबवून. तू स्वखुशीनं राहतेस का? कुठं जायचंय? तिनं ‘माझ्या मर्जीनं’ म्हटलं, की वडिलांचा अर्ज तिथंच निकाली. मुलाची जात, पगार, घरदार हे प्रश्न तिथं नसतात. (अठराच्या आतल्या मुलीची गोष्ट वेगळी.)

आमच्या घाटकोपरच्या शेजारी चेंबूर. तिथल्या सरकारी महिला संस्थेत एका सज्ञान मुलीला ठेवलं होतं. ती हिंदू, मुलगा मुसलमान, तोही विशीतला. मुलाची एकवीस पूर्ण नव्हती, म्हणजे लग्न करता येत नव्हतं. दोघांना एकत्र राहायचं होतं. अर्ज केला तो मुलानं. डिसेंबर २०२४ मध्ये मुंबई हायकोर्टात न्या. भारती डांगरे आणि न्या. मंजुषा देशपांडे यांच्यापुढे तो आला. आई-वडिलांकडे जायचं नाही, संस्थेतही राहायचं नाही, असं मुलीनं सांगितलं आणि कोर्टानं तिला मोकळं केलं. गुन्हा काही नसताना तिला संस्थेत ठेवलं होतं, ‘तिच्या भल्यासाठी’. या तीन शब्दांची मला फार भीती वाटते.

कोर्टंही चुकतात बरं का. केरळची हादिया चोवीस वर्षांची डॉक्टरकीची विद्यार्थिनी. वडिलांच्या अशाच अर्जावर २०१७ च्या मे महिन्यात तिथल्या हायकोर्टानं तिचं लग्नच रद्द केलं आणि तिला माहेरी धाडलं. नोव्हेंबरात सुप्रीम कोर्टानं तिला बोलावून तिचंच ऐकलं, तेव्हा ती शिकायला बाहेर पडली. मार्च २०१८ मध्ये लग्न पुन्हा वैध ठरलं. आणि आपल्या मुंबईच्या हायकोर्टानं १८८७ मध्ये रखमाबाईंना सांगितलं होतं, नवऱ्याकडे नांदायला जा, नाहीतर सहा महिने तुरुंगात. लग्न झालं तेव्हा त्या अकरा वर्षांच्या होत्या.

आईची भीती खोटी नसते, हे मीही आईच असल्यानं जाणते. मुलगा फसवणारा निघाला तर? पण त्याला पोलीस आहेत, वेगळे कायदे आहेत आणि माहेरचा दरवाजा उघडा ठेवणं आहे. वडिलांच्या ‘हेबियस’नं नेमकी ती दारं बंद होतात. कोर्टाच्या आवारात बापाकडे पाठ फिरवून गेलेली मुलगी पुढं मार खाल्ला तरी घरी फोन करत नाही.

वहिनींना हेच सांगितलं. म्हटलं, वसतिगृहातल्या मैत्रिणीमार्फत निरोप धाडा: ‘परत ये म्हणणार नाही, नुसता आवाज ऐकव.’ त्या बराच वेळ गप्प. मग म्हणाल्या, "आई देईल गं निरोप. बापाला कोण सांगणार?"