पाट सर्वांचा, पाटकरी कोणाचा?

धाराशिवसारख्या अवर्षणप्रवण जिल्ह्यात सौर कृषिपंपाची चर्चा होते ती बहुधा अनुदानाच्या अंगाने. केंद्राची 'पीएम-कुसुम' योजना २०१९ साली आणि राज्याची 'मागेल त्याला सौर कृषिपंप' योजना २०२४ साली आली. सर्वसाधारण शेतकऱ्याने किमतीच्या दहा टक्के व अनुसूचित जाती-जमातींच्या शेतकऱ्याने पाच टक्के हिस्सा भरावयाचा, हे आता बांधाबांधावर ठाऊक आहे. ज्याची चर्चा होत नाही असा एक घटक नियंत्रकाच्या पेटीत दडलेला असतो. तो म्हणजे छोटासा संगणक. उन्हाच्या मानाने मोटारीचा वेग राखणे आणि पंपाच्या कामाची माहिती दूरवर कळविणे, ही कामे तोच करतो.

या संगणकातील सारी आज्ञावली पंप बनविणाराच मुळापासून लिहितो, असे समजण्याचे कारण नाही. वेळ मोजणे, जाळ्यावरून संदेश धाडणे, तो गुप्त राखणे अशा कामांसाठी तयार आज्ञावलींचे सामाईक संच जगभर वापरले जातात. त्यांना 'लायब्ररी' म्हणतात. अर्थशास्त्राच्या दृष्टीने ही व्यवस्था उत्तमच होय. कारण एकदा लिहिलेली आज्ञावली हजारदा वापरली तरी झिजत नाही. मात्र तिच्यातील दोषही त्याच वाटेने हजार ठिकाणी पोहोचतो.

जून २०२० मध्ये याचा प्रत्यय आला. अमेरिकेतील 'ट्रेक' या छोट्या कंपनीच्या, यंत्रांना परस्परांशी बोलण्यास लावणाऱ्या लायब्ररीत एकोणीस दोष असल्याचे इस्राएलमधील संशोधकांनी जाहीर केले. ही लायब्ररी गेल्या शतकाच्या अखेरीपासून विकली जात होती. छपाईयंत्रांपासून रुग्णाला औषध सोडणाऱ्या पंपापर्यंत ती शिरलेली होती. एकाकडून दुसऱ्याकडे, दुसऱ्याकडून तिसऱ्याकडे अशी ती गेल्यामुळे आपल्याच यंत्रात ती आहे, याची कित्येक उत्पादकांना वार्ताही नव्हती!

ही विकत मिळणाऱ्या मालाची कथा. फुकट मिळणाऱ्याची तऱ्हा आणखी निराळी. 'ओपन-एसएसएल' या लायब्ररीवर जगातील बहुसंख्य संकेतस्थळांची गुप्तता विसंबून होती. एप्रिल २०१४ मध्ये तिच्यात 'हार्टब्लीड' नावाचा गंभीर दोष सापडला, तेव्हा उघड झाले की तिच्या सांभाळासाठी वर्षाकाठी जमणाऱ्या देणग्या सुमारे दोन हजार डॉलर होत्या. तिच्यावर कोट्यवधींचा व्यापार करणाऱ्यांना त्या सांभाळाची आठवण नव्हती.

सामाईक वस्तूचा नाश अटळ असतो, असे प्रतिपादन गॅरेट हार्डिन यांनी १९६८ साली केले. एलिनॉर ऑस्ट्रॉम यांनी जगभरचे दाखले देऊन ते एकांगी ठरविले आणि २००९ साली त्यांना नोबेल मिळाले. आपल्याकडील दाखला धुळे-नाशिक भागातील फड पद्धतीचा. पांझरा, मोसम या नद्यांवरील बंधाऱ्यांचे पाणी वाटून देणारा पाटकरी गावानेच नेमावा आणि त्याचा मोबदला सर्व लाभधारकांनी मिळून द्यावा, अशी तिची रीत. पाणी सर्वांचे, म्हणून पाटकरी विनामोल राबेल, हा विचार त्या शेतकऱ्यांच्या मनाला शिवला नाही. संगणकाच्या दुनियेत मात्र तो सर्रास चालतो. जर्मनीने २०२२ साली अशा सामाईक आज्ञावलींसाठी सरकारी निधी उभारला, तो याच जाणिवेतून.

आपल्यापुढचा प्रश्न निविदेचा आहे. या योजनांत देखभालीची हमी पाच वर्षांची. सौर पॅनेलचे आयुष्य मात्र पंचवीस वर्षांचे धरले जाते. उरलेल्या वीस वर्षांत एखाद्या लायब्ररीत दोष निघाला आणि पुरवठादाराने तोवर दुकान बंद केले असले, तर पेटी उघडायची कोणी? आज्ञावलीतील घटकांची यादी ठेवावी, अशा मार्गदर्शक सूचना केंद्राच्या 'सर्ट-इन' या यंत्रणेने ऑक्टोबर २०२४ मध्ये काढल्या आहेत. महावितरणने पंप व मीटर यांच्या खरेदीत ही यादी सक्तीची करावी. पुरवठादार मागे हटल्यास मूळ आज्ञावली सरकारच्या हाती यावी, अशी अटही घालावी. याने किंमत वाढेल हा आक्षेप खरा. परंतु आज न दिलेली ती रक्कम उद्या शेतकरी नवी पेटी घेऊन भरील, आणि तीही विनाअनुदान.

आपल्या अभियांत्रिकी महाविद्यालयांतील विद्यार्थी आपले प्रकल्प याच फुकट लायब्रऱ्यांवर उभे करतात. एखादा दोष शोधून कळविणे, तो दुरुस्त करणे किंवा वापराची माहिती मराठीत लिहून देणे, हे कामही प्रकल्पाइतकेच कष्टाचे आहे. विद्यापीठाने त्याला गुण द्यावेत.