आधी माणसाची तहान

२०१६ च्या एप्रिलमध्ये लातूरची तहान भागविण्यासाठी मिरजेहून पाण्याची रेल्वे धावत होती. आणि त्याच मराठवाड्यात औरंगाबाद परिसरातील मद्याच्या कारखान्यांना पाणी मिळत होते. अखेर उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाने मद्य कारखान्यांच्या पाण्यात प्रथम ५० व १० मेपासून ६० टक्के, तर इतर उद्योगांच्या पाण्यात २० व पुढे २५ टक्के कपात करण्याचा आदेश दिला. शेतीला उद्योगाआधी पाणी देण्याचे धोरण शासनाने २०११ सालीच स्वीकारले होते आणि पिण्याच्या पाण्याचा अग्रक्रम तर त्याहून जुना. तरीही शासनाचे कर्तव्य न्यायासनाला पार पाडावे लागले.

कपातीचे नाव निघताच मालकवर्ग कामगारांच्या रोजगाराची ढाल पुढे करतो. शेतकरी व कामगार यांना एकाच नळावर झुंजत ठेवण्याचा हा डाव आहे. यंत्रे थंड ठेवण्यास वा कापड धुण्यास धरणाचेच पाणी हवे, असे मुळीच नाही. सुरत महानगरपालिकेने २०१४ साली शहराचे सांडपाणी शुद्ध करून पांडेसरा औद्योगिक वसाहतीस पुरविण्यासाठी रोज ४० दशलक्ष लिटर क्षमतेचे केंद्र सुरू केले. नागपूरचे सांडपाणीही शुद्ध होऊन कोराडीच्या वीज केंद्राकडे जाते.

हे काम फुकटात होत नाही, हे खरे. विरघळलेले क्षार काढण्यासाठी पाणी मोठ्या दाबाने सूक्ष्म पडद्यांतून गाळावे लागते. त्याला वीज लागते आणि मागे उरणाऱ्या खारट पाण्याचीही विल्हेवाट लावावी लागते. परंतु हा खर्च टाळला म्हणून नाहीसा होत नाही. कारखान्याने तो चुकविला की तो शेजारच्या गावाच्या विहिरीवर येऊन पडतो. जलप्रदूषण प्रतिबंधक कायदा १९७४ साली झाला. पण कायद्याचा धाक नसेल आणि धरणाचे पाणी शुद्ध केलेल्या सांडपाण्याहून स्वस्त मिळत राहील, तर कोणता मालक स्वखुशीने खर्च करील?

म्हणून शासनाने मोठ्या उद्योगांना शहराचे शुद्ध केलेले सांडपाणी वापरणे सक्तीचे करावे, लहान कारखान्यांसाठी सार्वजनिक खर्चाने सामायिक केंद्रे उभारावीत आणि टंचाईतील कपातीचे प्रमाण पावसाळा संपताच जाहीर करावे. कारखान्याच्या तहानेला पर्याय आहे. माणसाच्या तहानेला नाही. पुढील दुष्काळाआधी एवढे जरी शासनाने ओळखले, तरी पाण्याची रेल्वे पुन्हा धाडावी लागणार नाही.